सरबत, आगळ, खोबरेल: द्रव पदार्थ सारखे कसे वाटायचे

मे महिन्याच्या अखेरीस आमच्या पडवीत बरण्या ओळीनं उन्हाला लागतात. रातांबे (कोकमाची फळं) फोडायचे, बिया काढायच्या, सालींवर साखरेचे थर द्यायचे आणि आठवडाभर वाट बघायची. साखर विरघळते, लालभडक पाक सुटतो. तो गाळून मोठ्या टोपात एकत्र केला की सरबत तयार. इथपर्यंत गटातल्या आम्ही आठही जणी एकजुटीनं राबतो. कुरबुर होते ती वाटणीच्या वेळी. "माझी बाटली कमी कित्याक गो?" हे पहिल्या वर्षी मी इतक्यांदा ऐकलं की पुढच्या हंगामाआधी मापाचा नीट अभ्यास करायचा असं ठरवूनच टाकलं.

त्या वर्षी आमच्या तीन चुका झाल्या होत्या. ओगराळ्यानं मोजलं, आणि ओगराळं प्रत्येक हाताला वेगळं भरतं. टोप न ढवळता वाढत गेलो, त्यामुळे पहिलीला पातळ आणि शेवटचीला घट्ट पाक मिळाला. तिसरी चूक कागदावरची. एका बरणीतून साडेसात लिटर निघालं, ते वहीत "७.५" असं लिहिलं आणि बेरीज करताना कुणीतरी "७ लिटर ५० मिली" वाचलं. एका ओळीत ४५० मिली गेलं. खाली जे लिहिते आहे ते या तीन चुकांवरचे उपाय आहेत. सरबतासाठी लिहिलं असलं तरी आगळ (मीठ घातलेला कोकमाचा रस), खोबरेल, काकवी, मध, कशालाही चालेल.

आधी सगळं मिलिलिटरमध्ये आणा

वाटणीचा हिशेब लिटर आणि मिलिलिटर असा दोन खणांत करू नका. जे काही आहे ते सगळं मिलिलिटरमध्ये लिहा, भागाकार करा, उत्तर हवं तर परत लिटरमध्ये न्या. एक लिटर म्हणजे १००० मिलिलिटर. लिटरकडून मिलीकडे जाताना हजारानं गुणायचं, मिलीकडून लिटरकडे येताना हजारानं भागायचं. दशांश चिन्ह तीन घरं सरकवलं की झालं.

चुका होतात त्या दशांश चिन्हानंतरच्या शून्यात. हे एकदा मोठ्यानं वाचून घ्या: १.५ लिटर म्हणजे १ लिटर ५०० मिली. १.०५ लिटर म्हणजे १ लिटर ५० मिली. १.००५ लिटर म्हणजे १ लिटर ५ मिली. आमच्या वहीत आता नियम आहे की लिटर लिहायचे तर दशांशानंतर तीन आकडे लिहायचेच. साडेसात म्हणजे ७.५००. असं लिहिलं की वाचणाऱ्याची चूक होत नाही.

आपल्या भाषेतले अपूर्णांक इथे फार कामाला येतात, कारण ते सगळे पावावर बेतलेले आहेत आणि पाव लिटर म्हणजे बरोबर २५० मिली. अदपाव १२५, अर्धा ५००, पाऊण ७५०, सव्वा १२५०, दीड १५००, पावणेदोन १७५०, अडीच २५००. आमच्या गटातल्या ज्या मावशींना दशांश चिन्हाची भीती वाटते त्या "पावणेतीन" ऐकल्याबरोबर २७५० सांगतात. त्यांना दशांश शिकवण्यापेक्षा मी त्यांच्याकडून हे पाढे करून घेतले.

मधली एककंही आहेत, पण ती क्वचित भेटतात. सेंटिलिटर म्हणजे १० मिली, डेसिलिटर म्हणजे १०० मिली. परदेशातून आलेल्या एखाद्या बाटलीवर ७० सेंटिलिटर लिहिलेलं असतं, ती ७०० मिलीची. पाण्याच्या टाकीचा हिशेब घनमीटरमध्ये असतो आणि एक घनमीटर म्हणजे १००० लिटर.

जुनी माणसं अजून शेर-पावशेर बोलतात. १९५६ च्या कायद्यानं देशात दशमान मापं आली आणि १ ऑक्टोबर १९५८ पासून ती टप्प्याटप्प्यानं बाजारात रुळली. ८० तोळ्यांचा शेर म्हणजे सुमारे ९३३ ग्रॅम, म्हणजे तो किलोही नाही. मापाचे शेर तर गावोगाव वेगळे होते. त्यामुळे आजेसासूबाईंच्या पितळी मापाला "साधारण लिटरभर" म्हणून वापरू नका. त्यात किती मावतं ते काढण्याची रीत पुढे देते.

आता साधी वाटणी करून बघू. टोपात २३ लिटर ४०० मिली सरबत आहे आणि वाटेकरी आठ. २३,४०० भागिले ८ म्हणजे २९२५ मिली, अर्थात प्रत्येकीला २ लिटर ९२५ मिली. उलट तपासा: २९२५ गुणिले ८ बरोबर २३,४००. उलट गुणाकार केल्याशिवाय वाटप सुरू करायचं नाही. टोपात ओगराळं घातल्यावर चूक सुधारता येत नाही.

भागाकार नेहमी असा पुरा जात नाही. १७ लिटर ३५० मिली सात जणींत वाटायचं तर १७,३५० भागिले ७ म्हणजे २४७८ येतात आणि ४ मिली उरतात. घरच्या मापावर २४७८ दिसणारच नाही. अशा वेळी मापावर दिसेल अशा जवळच्या खालच्या आकड्यावर यावं: प्रत्येकीला २४७५. सात वाटे मिळून १७,३२५ झाले, २५ मिली टोपात राहिले. वरच्या आकड्यावर कधीच जाऊ नये, नाहीतर शेवटचीला कमी पडतं.

माप खरं आहे का ते पाण्यानं तपासा

बाजारातल्या प्लास्टिकच्या मगवर रेघा छापलेल्या असतात, पण त्या बरोबर असतीलच असं नाही. तपासणी सोपी आहे. रिकामा मग इलेक्ट्रॉनिक काट्यावर ठेवा, काटा शून्य करा, १००० मिलीच्या रेघेपर्यंत साधं पाणी भरा आणि वजन बघा. किलोग्रॅमची मूळ कल्पनाच लिटरभर पाण्याच्या वजनावर बेतलेली, म्हणून काटा किलोच्या जवळ यायला हवा. आपल्याकडच्या उन्हाळी हवेत लिटरभर पाणी ९९६ ग्रॅमच्या आसपास भरतं, चार ग्रॅमचा फरक माफ. ९७५ दिसले तर मगाची रेघ सुमारे २० मिलीनं खोटी आहे. तसा मग फेकू नका. खऱ्या जागी रंगाची नवी रेघ ओढा.

याच रीतीनं घरातल्या कुठल्याही भांड्याचं माप काढता येतं. आजेसासूबाईंचं पितळी माप काठोकाठ पाण्यानं भरा, पाण्याचं वजन ग्रॅममध्ये घ्या, तितकेच मिली. वाट्यांचंही तसंच. माझ्या घरातल्या चार "सारख्या" वाट्यांत पाणी घालून बघितलं तर चारही वेगळ्या निघाल्या. औषधाच्या बाटलीबरोबर येणारं टोपण लहान मापाला उत्तम, त्यावर ५ आणि १० मिलीच्या खुणा असतात.

विक्रीसाठी मोजत असाल तर वैध मापन विभागाचा शिक्का असलेलंच माप आणि तसाच काटा घ्या. ठरावीक मुदतीनं त्याची फेरतपासणीही करून घ्यावी लागते.

माप वाचताना भांडं सपाट जागी असावं. पडवीच्या शेणानं सारवलेल्या जमिनीवर नको, पाटावर किंवा टेबलावर ठेवा. डोळे रेघेच्या पातळीला आणा. उभ्यानं वरून बघितलं तर पातळी आहे त्यापेक्षा वर दिसते आणि माल कमी जातो. पाणी भांड्याच्या कडेला थोडं वर चढतं, म्हणून स्वच्छ द्रवाची पातळी मधल्या खोलगट भागाच्या तळाशी वाचायची. कोकमाचा पाक गडद, त्यात तो तळ दिसत नाही. तिथे वरची कडा वाचा, पण मग प्रत्येक वेळी वरचीच वाचा. सगळ्यांना एकाच पद्धतीनं वाचलं तर वाटे सारखे राहतात.

टोपात एकूण किती आहे?

बाटल्या किती धुवायच्या, हे कळायला आधी अंदाज लागतो. सरळ भिंतीचा टोप असेल तर पट्टी पुरते. आमच्या टोपाचा आतला व्यास ४० सेंटिमीटर. म्हणजे त्रिज्या २०. तळाचं क्षेत्रफळ ३.१४१६ गुणिले २० गुणिले २०, सुमारे १२५७ चौरस सेंटिमीटर. एक घन सेंटिमीटर म्हणजे एक मिलिलिटर, म्हणून टोपातल्या प्रत्येक सेंटिमीटर उंचीला १२५७ मिली, सव्वा लिटरहून किंचित जास्त. बांबूची एक सरळ कामटी घासूनपुसून त्यावर सेंटिमीटरच्या खुणा केल्या आहेत. ती टोपात उभी बुडवली आणि १८.६ सेंटिमीटरपर्यंत ओली झाली तर १८.६ गुणिले १२५७, म्हणजे जवळपास २३ लिटर ४०० मिली.

हा अंदाजच आहे, हे विसरू नका. कामटीवर एका मिलिमीटरची चूक म्हणजे टोपात १२६ मिलीची चूक. बाटल्या मोजायला एवढं चालतं: २३,४०० भागिले ७०० म्हणजे ७०० मिलीच्या ३३ बाटल्या आणि ३०० मिली शिल्लक. वाटणीला मात्र हा आकडा चालणार नाही.

दाट पदार्थ वजनानं वाटा

माझ्या मते घट्ट सरबत, काकवी, मध आणि खोबरेल यांची वाटणी मापानं करूच नये. वजनानं करावी. माप ओतलं की थोडा पाक मापाला चिकटून राहतो, वरती फेस असतो, आणि दर वेळी काही थेंब बाहेर जातात. वीस वेळा मापलं की वीस चुका साठतात. उलट बाटली सरळ काट्यावर ठेवून शून्य केलं आणि त्यातच ओतलं तर मधलं भांडंच नाही.

पण इथे मोठी गफलत होते ती "किलो म्हणजेच लिटर" समजण्याची. ते फक्त पाण्याला लागू. साखरेचा पाक पाण्यापेक्षा बराच जड असतो, तेल हलकं. आपल्या पदार्थाचा आकडा आपणच काढायचा. तपासलेल्या मापानं बरोबर ५०० मिली सरबत घ्या आणि वजन करा. यंदाचं आमचं सरबत ६६० ग्रॅम भरलं. ६६० भागिले ५०० म्हणजे १.३२. म्हणजे या सरबताच्या एका मिलीचं वजन १.३२ ग्रॅम. हाच आकडा सगळ्या हिशेबाचा आधार. साखर कमी-जास्त झाली की तो बदलतो, म्हणून दर घाण्याला नव्यानं काढा. मागच्या वर्षीचा वापरू नका.

मिलीवरून ग्रॅम हवे तर या आकड्यानं गुणायचं, ग्रॅमवरून मिली हवे तर भागायचं. ७०० मिलीच्या बाटलीत ७०० गुणिले १.३२, म्हणजे ९२४ ग्रॅम सरबत हवं. आठ जणींच्या वाटणीत प्रत्येकीचे २९२५ मिली म्हणजे ३८६१ ग्रॅम. कुणी बाटलीत ७०० ग्रॅम घालून वर ७०० मिली असं लिहिलं तर आत खरं सरबत ५३० मिलीच गेलं. गिऱ्हाईक एकदा फसेल, पुढच्या मे महिन्यात येणार नाही. आगळात मीठ असतं, त्यामुळे तेही पाण्यापेक्षा जड, पण सरबताइतकं नाही. त्याचा आकडा वेगळा काढा.

खोबरेल उलट्या बाजूचं. त्याच्या एका मिलीचं वजन सुमारे ०.९२ ग्रॅम. म्हणजे लिटरभर खोबरेल ९२० ग्रॅम आणि किलोभर खोबरेल सुमारे १०८७ मिली. घाण्यावरून पाच किलो तेल आणलं तर ते ५ लिटर ४३५ मिली भरतं. पाच लिटरचा कॅन घेऊन गेलात तर तेल सांडेल. तीन भावांत ते वाटायचं झालं तर ५००० भागिले ३, प्रत्येकाला १६६६ ग्रॅम, म्हणजे सुमारे १ लिटर ८१० मिली. भाव विचारताना एका दुकानात किलोचा आणि दुसऱ्यात लिटरचा सांगतात. लिटरच्या भावाला ०.९२ नं भागलं की किलोचा भाव निघतो, मग तुलना करा. लिटरचा भाव दिसायला कमी वाटतो, पण त्यात मालही ८० ग्रॅमनं कमी असतो.

खोबरेलाची दुसरी अडचण थंडीची. साधारण २४-२५ अंशांखाली ते थिजायला लागतं. डिसेंबरच्या सकाळी आमच्याकडेही डब्याच्या तळाशी पांढरा थर धरतो. अर्धवट थिजलेलं तेल वाटू नका, डबा कोमट पाण्यात ठेवून सगळं पातळ करा, ढवळा, मग वाटा. तापवलेलं तेल मापानं मोजू नका. तेल दर दहा अंशांना पाऊण टक्क्याच्या आसपास फुगतं. साठ अंशांवर लिटरभर मोजलेलं तेल तीस अंशांवर आलं की वीसेक मिलीनं खाली बसतं. वजन मात्र गरम असो की गार, तेवढंच राहतं. याच कारणानं २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागानं खाद्यतेल कंपन्यांना सांगितलं की पाकिटावर तापमानाचा उल्लेख न करता तेलाचं परिमाण आणि सोबत वजनही छापा. जास्त तापमान धरून लिटर लिहिलं की पिशवीत तेल कमी जातं.

प्रत्यक्ष वाटप

टोप तळापासून ढवळायचा. न विरघळलेली साखर खाली बसते, आगळात मीठ बसतं. एकदा ढवळून भागत नाही, दर चार-पाच बाटल्यांनी ढवळा.

एकेक बाटली पूर्ण भरत जाऊ नका. सगळ्या बाटल्या ओळीनं मांडा, पहिल्या फेरीत प्रत्येकीत अर्धी भर घाला, दुसऱ्या फेरीत शेवटच्या बाटलीकडून उलटं या. त्यामुळे टोपातला वरचा पातळ आणि खालचा घट्ट भाग सगळ्यांत विभागला जातो. आमच्याकडची अर्धी कुरबुर या एका सवयीनं थांबली.

बाटली गळ्यापर्यंत भरू नये. ७०० मिलीची म्हणून मिळते त्या बाटलीत काठोकाठ त्याहून जास्त मावतं, वर थोडी मोकळी जागा राहायलाच हवी. एका बाटलीत ७०० ग्रॅम पाणी घालून पातळीवर खूण करा, ती नमुन्याची बाटली शेजारी ठेवा. विकायच्या बाटलीवर २०११ च्या आवेष्टित वस्तूंच्या नियमांप्रमाणे निव्वळ परिमाण छापावं लागतं. निव्वळ म्हणजे आतला माल, बाटली-झाकण सोडून.

सगळ्यांचा वाटा नेहमी सारखा नसतो. एकीनं १२ किलो रातांबे आणले, दुसरीनं १८, तिसरीनं १० आणि साखर तिघींनी त्याच प्रमाणात घातली, तर सारखी वाटणी अन्यायाची. एकूण ४० किलो, सरबत निघालं २२ लिटर ६०० मिली. २२,६०० भागिले ४० म्हणजे किलोमागे ५६५ मिली. पहिलीला ६ लिटर ७८० मिली, दुसरीला १० लिटर १७०, तिसरीला ५ लिटर ६५०. बेरीज करून बघा, बरोबर २२,६०० येते.

लग्नाकार्यात सरबत करताना प्रमाणाची चूक हमखास होते. "एकास पाच" म्हणजे एक भाग पाक आणि पाच भाग पाणी, एकूण सहा भाग. लोक पाचानं भागतात आणि सरबत घट्ट करून बसतात. साठ पाहुणे, प्रत्येकी २०० मिली, म्हणजे १२ लिटर. सहानं भागा: २ लिटर पाक, १० लिटर पाणी. बर्फ टाकणार असाल तर त्याचंही पाणी होतं, तेवढं पाणी आधीच कमी घ्या.

काटा आणि माप दोन्ही नसताना

वीज गेली, काटा बंद पडला, आणि आठ लिटर तेलाचे दोन सारखे वाटे करायचे आहेत. जवळ आठ लिटरचा भरलेला डबा, पाच लिटरचा एक आणि तीन लिटरचा एक कॅन. एवढ्यावर बरोबर चार-चार लिटर करता येतात. डब्यातून पाचाचा कॅन भरा, डब्यात ३ उरले. पाचातून तिनाचा भरा, पाचात २ राहिले. तिनाचा डब्यात परत ओता, डब्यात ६. पाचातले २ तिनात ओता. डब्यातून पाच पुन्हा भरा, डब्यात १. तिनात दोन आहेतच, त्यात पाचातून १ घातलं की तो भरतो आणि पाचात ४ राहतात. आता तिनाचा डब्यात ओता, १ आणि ३ मिळून ४. सात ओतण्यांत वाटणी झाली. मात्र कॅन काठापर्यंत भरू नका. पाच लिटरच्या कॅनमध्ये काठापर्यंत पाचाहून जास्त मावतं, म्हणून आधी कधीतरी पाणी तोलून प्रत्येक कॅनवर खरी रेघ ओढून ठेवलेली असावी.

दोघांतच वाटायचं असेल तर दोन अगदी एकसारख्या बाटल्या सपाट पाटावर चिकटून ठेवा आणि पातळी जुळवा. ओतणारा एक, निवडणारा दुसरा. ओतणाऱ्याचे डोळे आपोआप काटेकोर होतात.

शेवटी उरतो तो टोपाला चिकटलेला पाक. आमच्या टोपाचं रिकामं वजन त्याच्या कडीवर कोरलेलं आहे. वाटप झाल्यावर टोप काट्यावर चढवतो, यंदा १८० ग्रॅम जास्त भरला. १८० भागिले १.३२ म्हणजे सुमारे १३६ मिली पाक. एकास पाचच्या हिशेबानं त्यात ६८० मिली माठातलं पाणी घालून टोप विसळला, ८१६ मिली सरबत झालं. आठ जणी होतो, प्रत्येकीच्या पेल्यात १०२ मिली आलं.